४२.३४ मीटरवरचा आवाज

दरवर्षी ९ ऑगस्टला मुंबईच्या ऑगस्ट क्रांती मैदानात पुष्पचक्रे वाहिली जातात, भाषणे होतात आणि १९४२ च्या लढ्याच्या आठवणी निघतात. त्या आठवणींत मोर्चे असतात, लाठीमार असतो, अरुणा असफ अली यांनी फडकवलेला तिरंगा असतो. मात्र त्या लढ्याचा एक भाग या मैदानापासून थोड्याच अंतरावर, चौपाटी ते महालक्ष्मी या टापूत, भाड्याच्या बंद खोल्यांमध्ये लढला गेला. तिथे शस्त्र नव्हते. एक प्रक्षेपक, एक ग्रामोफोन, काही तबकड्या, एक ध्वनिग्राहक आणि त्याच्यासमोर बसलेली बावीस वर्षांची एक तरुणी, एवढाच तो सरंजाम होता. ते केंद्र म्हणजे काँग्रेस रेडिओ आणि ती तरुणी म्हणजे उषा मेहता.

हे नभोवाणी केंद्र जेमतेम अडीच महिने चालले. त्याला इमारत नव्हती, परवाना नव्हता, ठरलेला पत्ता तर मुळीच नव्हता. भारतातील नभोवाणीच्या इतिहासात इतक्या लहान आणि इतक्या अल्पायुषी केंद्राला एरवी तळटीपेपलीकडे जागा मिळाली नसती. पण ते बंद पाडण्यासाठी सरकारने पोलीस, लष्करी तंत्रज्ञ आणि शोधयंत्रे कामाला लावली, पुढे विशेष न्यायालयात खटला चालवला आणि ते चालवणाऱ्या मुलीला चार वर्षांची शिक्षा दिली. एका क्षीण आवाजाची एवढी धास्ती का वाटावी, याचे उत्तर शोधायचे तर उषाबेनच्या आयुष्याकडेच वळावे लागते.

उषाबेनचा जन्म २५ मार्च १९२० रोजी सुरतजवळच्या सरस या गावी झाला. वडील ब्रिटिश सरकारच्या न्यायखात्यात न्यायाधीश होते. अशा घरात स्वातंत्र्यलढ्याविषयी आदर असला तरी तो उंबरठ्याच्या आतच ठेवावा लागे. न्यायाधीशाच्या मुलीने मिरवणुकीत घोषणा देत फिरणे म्हणजे वडिलांच्या नोकरीवर बेतण्यासारखे होते. पण अगदी लहानपणी, पाच वर्षांची असताना, तिने अहमदाबादच्या आश्रमात गांधीजींना पाहिले. पुढे गावाजवळ त्यांचे शिबिर भरले तेव्हा ती तिथे जाऊन बसली, थोडीफार सूतकताईही शिकली. त्या वयात राजकारण कळत नाही. पण एखाद्या माणसाचा वावर मनावर जो ठसा उमटवतो तो पुसला जात नाही, तसे काहीसे झाले.

१९२८ साली सायमन कमिशनच्या निषेधार्थ देशभर मोर्चे निघाले. आठ वर्षांची उषा त्यातल्या एका मोर्चात सामील झाली. त्या काळातील मुलांच्या प्रभातफेऱ्यांचा एक प्रसंग त्या पुढे आवर्जून सांगत. फेरीवर पोलिसांनी लाठी उगारली, झेंडा घेतलेली एक मुलगी झेंड्यासह खाली पडली. झेंडा जमिनीवर पडला याचे मुलांना फार वाईट वाटले. त्यावर उपाय निघाला तोही मुलांना शोभेलसाच होता. तिरंगी कापडाचेच कपडे शिवून ते घालून मुले रस्त्यावर उतरली. आता काठी पडली तरी झेंडा पडणार नव्हता. मोठेपणी उषाबेननी जे केले त्यामागचा विचारही याहून वेगळा नव्हता. एक साधन हिसकावून घेतले गेले तर दुसरे शोधायचे, पण हाती घेतलेली गोष्ट खाली पडू द्यायची नाही.

१९३० मध्ये वडील निवृत्त झाले आणि घरावरचे सरकारी नोकरीचे दडपण दूर झाले. १९३२ साली कुटुंब मुंबईला आले. सविनय कायदेभंगाची चळवळ ऐन भरात होती. शाळकरी उषा गुप्त पत्रके वाटणे, तुरुंगात असलेल्यांच्या नातेवाइकांचे निरोप पोचवणे, मिठाच्या पुड्या विकणे अशी कामे करू लागली. मुलांवर पोलिसांची नजर पडत नसे, म्हणून ही कामे त्यांच्याकडे येत. चंदारामजी हायस्कूलमधून मॅट्रिक झाल्यावर तिने चौपाटीवरच्या विल्सन महाविद्यालयात प्रवेश घेतला आणि १९३९ मध्ये तत्त्वज्ञान हा विषय घेऊन पहिल्या वर्गात पदवी मिळवली. त्यानंतर कायद्याचा अभ्यास सुरू झाला. वडिलांचा पेशा पाहता तेच साहजिक होते. खादी मात्र तिने त्याआधीच स्वीकारली होती आणि ती अखेरपर्यंत सोडली नाही.

मुंबईला तोवर नभोवाणी नवीन राहिली नव्हती. १९२३ मध्येच इथल्या रेडिओ क्लबने हौशी प्रक्षेपण करून पाहिले होते. २३ जुलै १९२७ रोजी इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनीचे मुंबई केंद्र सुरू झाले. ती खासगी कंपनी तीन वर्षांत बुडाली, सरकारने कारभार हाती घेतला आणि १९३६ पासून त्याच सेवेचे नाव ऑल इंडिया रेडिओ झाले. म्हणजे ज्या माध्यमाची सुरुवात हौशी लोकांनी आणि व्यापाऱ्यांनी केली, ते दहा-बारा वर्षांत पूर्णपणे सरकारच्या मुठीत गेले. दुसरे महायुद्ध सुरू होताच उरलीसुरली वाटही बंद झाली. हौशी प्रक्षेपकांचे परवाने रद्द झाले. ऐकण्याला मुभा होती, बोलण्याला नव्हती. त्यातही लोक बर्लिनहून होणारे आझाद हिंद रेडिओचे प्रक्षेपण कान देऊन ऐकू लागले होते. १९४२ च्या आरंभी सुभाषबाबूंचा आवाज त्या लहरींवरून देशात पोचला, तेव्हा नभोवाणीची ताकद काय असते हे अनेकांच्या ध्यानात आले.

८ ऑगस्ट १९४२ रोजी गोवालिया टँक मैदानावर छोडो भारतचा ठराव झाला आणि दुसऱ्या दिवशी पहाट होण्यापूर्वीच काँग्रेसचे पुढारी उचलले गेले. गांधीजींना पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये, तर नेहरू, पटेल, आझाद यांना अहमदनगरच्या किल्ल्यात ठेवण्यात आले. काँग्रेस बेकायदा ठरली. वृत्तपत्रांवर कडक निर्बंध आले. चळवळीच्या बातम्या छापायच्या तर सरकारी चाळणीतून गेलेल्याच छापा, असा हुकूम निघाला. काही पत्रांनी त्यापेक्षा अंक बंद ठेवणे पत्करले. गांधीजींचे हरिजन बंद पडले. गावोगावी गोळीबार होत होते, रेल्वेचे रूळ उखडले जात होते, संप पुकारले जात होते, पण सातारच्या माणसाला बलियात काय चालले आहे हे कळत नव्हते आणि मुंबईच्या माणसाला विदर्भात काय झाले याचा पत्ता नव्हता. प्रत्येक गावाला आपण एकटेच लढतो आहोत असे वाटावे, ही त्या बंदोबस्तामागची खरी योजना होती.

कायद्याचा अभ्यास बाजूला टाकून चळवळीत उतरलेल्या उषाबेन आणि त्यांच्या मित्रांनी नेमके हेच ओळखले. पत्रके छापली तरी ती शे-दोनशे हातांपलीकडे जात नव्हती. छापखाना एका छाप्यात बंद होत होता. आवाजाला मात्र भिंत अडवू शकत नव्हती. १४ ऑगस्टच्या सुमारास गुप्त नभोवाणी केंद्राच्या हालचाली सुरू झाल्या. प्रश्न पैशाचा होता. एका नातेवाईक बाईंनी स्वतःचे दागिने देऊ केले, पण ते घेणे कोणाला रुचेना. अखेर बाबूभाई या नावाने ओळखले जाणारे विठ्ठलदास खाखर यांनी पैशाची जबाबदारी उचलली. विठ्ठलदास झवेरी आणि चंद्रकांत झवेरी हे सोबती होतेच. शिकागो रेडिओ या ध्वनिक्षेपकांच्या प्रसिद्ध पेढीचे नानक मोटवाने यांच्याकडून साहित्य आणि जाणकार माणसे मिळाली. काँग्रेसच्या सभांना ध्वनिक्षेपक पुरवणारी ही पेढी होती. प्रक्षेपक उभारून देण्याचे काम नरिमन प्रिंटर या तंत्रज्ञाने पत्करले. असेच बेत शहरात इतर काही गटही करीत होते. भूमिगत झालेले डॉ. राममनोहर लोहिया यांनी या साऱ्यांना एकत्र आणले आणि केंद्राच्या मजकुराला दिशा दिली.

२७ ऑगस्ट १९४२ रोजी काँग्रेस रेडिओचा आवाज प्रथम हवेत गेला. आपण ४२.३४ मीटरवरून, भारतातल्या कुठल्यातरी ठिकाणाहून बोलत आहोत, असे आरंभी सांगितले जाई. पत्ता लपवणारी ही घोषणा ऐकणाऱ्याला मोठा दिलासा देणारी होती. हे केंद्र बर्लिनला किंवा टोकियोला नाही, आपल्याच भूमीवर आहे, एवढे त्यातून कळत होते. सुरुवातीला हिंदोस्ताँ हमारा या गीताची तबकडी, मग इंग्रजी आणि हिंदुस्तानीतून बातम्या, एखादे भाषण आणि शेवटी वंदे मातरम्, असा साधारण क्रम असे. आरंभी दिवसातून दोनदा आणि पुढे फक्त संध्याकाळी प्रक्षेपण होई.

या केंद्राची तांत्रिक बाजू समजून घेण्यासारखी आहे. त्या काळी ध्वनी पाठवण्याची एकच पद्धत सर्वत्र रूढ होती. आवाजाच्या चढउताराप्रमाणे विद्युतचुंबकीय लहरीची उंची कमी-जास्त करायची, म्हणजेच आज ज्याला एएम म्हणतात ती पद्धत. मुंबईचे सरकारी केंद्र मध्यम लहरींवर शहराला ऐकू येई. मध्यम लहरींसाठी उंच मनोरा आणि मोठी वीज लागते. गुप्त केंद्राला हे शक्य नव्हते. ४२.३४ मीटर म्हणजे सुमारे सात मेगाहर्ट्झ, हा लघुलहरींचा पट्टा. तो पूर्वी हौशी प्रक्षेपकांच्या वापरात होता. त्याला छपरावर ताणलेली एक तार पुरते. शिवाय या लहरी वातावरणाच्या वरच्या थरावरून परावर्तित होऊन दूरवर जातात, त्यामुळे थोड्या शक्तीचे केंद्रही शेकडो मैलांवर ऐकू येऊ शकते. गिरगावातल्या एका खोलीतून बोललेले दुसऱ्या प्रांतात पोचण्याची शक्यता होती ती यामुळे.

पण ज्या गुणाने आवाज दूर जातो, त्याच गुणाने तो सापडतोही. फिरत्या वाहनात बसवलेल्या वर्तुळाकार एरियलने लहर कोणत्या दिशेने येते हे कळते आणि दोन-तीन ठिकाणांहून दिशा घेतली की त्या रेषा जिथे छेदतात तिथे केंद्र असते. पोलिसांच्या अशा गाड्या मुंबईत फिरू लागल्या. त्यामुळे केंद्राला एका जागी राहणे शक्य नव्हते. चौपाटीवरील सी व्ह्यू, लॅबर्नम रस्त्यावरील अजित व्हिला, सँडहर्स्ट रस्त्यावरील लक्ष्मी भवन, गिरगावातील पारेख वाडी, महालक्ष्मी मंदिराजवळचा पॅरेडाइज बंगला अशी त्याची बिऱ्हाडे बदलत गेली. खोटी नावे सांगून जागा घ्यायची, सामान आणायचे, तार बांधायची आणि संशय येण्याआधी सगळे गुंडाळून दुसरीकडे जायचे, असा तो संसार होता. खबरदारी म्हणून ध्वनिमुद्रण एका जागी आणि प्रक्षेपण दुसऱ्या जागी करण्याची पद्धत ठेवली होती. भाषणे तबकड्यांवर घेतली जात आणि मग त्या प्रक्षेपणाच्या जागी नेल्या जात. एक जागा पडली तरी दुसरी वाचावी आणि बोलणारे पुढारी पोलिसांच्या हाती लागू नयेत, हा त्यामागचा हिशेब होता. त्यातच सरकारी केंद्राकडून या लहरीवर खरखर सोडून आवाज बुजवण्याचेही प्रयत्न होत.

केंद्राचे खरे बळ बातमीत होते. चितगावावर झालेल्या बॉम्बहल्ल्याची बातमी, जमशेदपूरच्या टाटा पोलाद कारखान्यातील कामगारांच्या संपाची बातमी, बलियातल्या घडामोडी, असे वृत्तपत्रांना न छापता येणारे बरेच काही इथून सांगितले गेले. गावोगावचे निरोपे, व्यापारी, प्रवासी यांच्याकडून माहिती मुंबईत येई आणि संध्याकाळी ती लहरींवरून पुन्हा गावोगाव जाई. डॉ. लोहियांखेरीज अच्युतराव पटवर्धन, पुरुषोत्तम त्रिकमदास, मोइनुद्दीन हॅरिस, कुमी दस्तूर आदींचा या कामात वाटा होता. नुसत्या बातम्या देऊन हे केंद्र थांबत नसे. विद्यार्थी, कामगार, शेतकरी, सैनिक, पोलीस यांनी काय करावे याचे विवेचन त्यात असे आणि हिंदू-मुस्लीम ऐक्याचा आग्रह सतत असे.

महाराष्ट्राच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची बातमी आष्टी-चिमूरची. १६ ऑगस्ट १९४२ रोजी तेव्हाच्या मध्य प्रांतातील वर्धा जिल्ह्यातल्या आष्टीत आणि चांदा जिल्ह्यातल्या चिमूरमध्ये लोक रस्त्यावर आले. गोळीबार झाला, माणसे मेली, चिडलेल्या जमावाच्या हातून पोलीस आणि अधिकारीही मारले गेले. त्यानंतर लष्कर आले आणि चिमूरच्या घराघरांत, विशेषतः स्त्रियांवर, जे अत्याचार झाले ते दडपून टाकण्यात आले. त्याची सविस्तर हकिकत काँग्रेस रेडिओने देशाला ऐकवली. ही बातमी किती नकोशी होती, हे पुढच्या एका घटनेवरून कळते. या अत्याचारांच्या चौकशीसाठी सेवाग्रामचे प्रा. भन्साळी यांनी प्राणांतिक उपोषण आरंभले, तेव्हा त्या उपोषणाची बातमी छापण्यावरही सरकारने बंदी घातली. ते उपोषण जानेवारी १९४३ मध्ये, ६३ दिवसांनी सुटले. काँग्रेस रेडिओ तोवर बंद पडला होता.

तो बंद पडला १२ नोव्हेंबर १९४२ रोजी. फिरत्या गाड्यांना आणि शोधयंत्रांना जे इतके दिवस जमले नाही ते आतल्या माणसाने करून दिले. प्रक्षेपक उभारणारा तंत्रज्ञच पोलिसांच्या हाती लागला आणि त्याने वाट दाखवली. प्रथम बाबूभाईंच्या कचेरीवर छापा पडला. उषाबेन तेव्हा तिथेच होत्या. काही निमित्त काढून त्या बाहेर निसटल्या आणि ध्वनिमुद्रणाच्या जागी गेल्या. तिथे डॉ. लोहिया आणि इतर सहकारी होते. त्यांना सावध केले. आता प्रश्न होता त्या संध्याकाळच्या प्रक्षेपणाचा. पोलीस केंद्रापर्यंत पोचणार हे जवळजवळ नक्की होते. लोहियांप्रमाणे भूमिगत होण्याची वाट मोकळी होती आणि कोणी त्यांना दोषही दिला नसता. तरीही त्या चंद्रकांत झवेरींसह केंद्रावर गेल्या आणि ठरल्या वेळी कार्यक्रम सुरू केला.

आरंभीचे गीत झाले, बातम्या झाल्या, भाषण झाले. शेवटची वंदे मातरम्‌ची तबकडी फिरत असताना दारावर धक्के बसू लागले. पोलीस उपायुक्त, लष्करातील तंत्रज्ञ आणि सुमारे पन्नास शिपायांचा ताफा एकामागून एक तीन दरवाजे फोडून आत आला. तबकडी थांबवा, असा हुकूम झाला. दोघांनीही तो मानला नाही. यंत्रसामग्रीबरोबर अधिवेशनाची छायाचित्रे आणि ध्वनिचित्रफिती यांच्या २२ पेट्या पोलिसांनी जप्त केल्या आणि ४२.३४ मीटर शांत झाला. त्या लहरीवर देशाने अखेरचे जे ऐकले ते पोलिसांच्या पायरवात वाजणारे राष्ट्रगीत होते.

इथवरच्या कथेत उषाबेनचे शौर्य त्यांच्या बोलण्यात होते. यापुढे ते न बोलण्यात दिसते. अटकेनंतर जवळपास सहा महिने त्यांची चौकशी चालली. एकांतवास झाला, धाकदपटशा झाला, आमिषेही दाखवली गेली. सहकाऱ्यांची नावे सांगितली तर परदेशी जाऊन शिकण्याची सोय करू, असेही सुचवण्यात आले. कायद्याचा अभ्यास अर्धवट सोडलेल्या, शिक्षणाची मनापासून आवड असलेल्या मुलीपुढे ठेवलेले हे आमिष मोठ्या धूर्तपणे निवडलेले होते. त्या बधल्या नाहीत. विशेष न्यायालयात खटला उभा राहिला तेव्हा, प्रश्नांची उत्तरे देणे आपल्यावर बंधनकारक आहे का, एवढेच त्यांनी न्यायाधीशांना विचारले. तसे बंधन नाही असे कळल्यावर त्यांनी एकाही प्रश्नाचे उत्तर दिले नाही. स्वतःला वाचवू शकणाऱ्या प्रश्नांचेही नाही.

या मौनाची किंमत काय होती? डॉ. लोहिया आणखी दीड वर्ष भूमिगत राहून काम करू शकले, ते मे १९४४ मध्ये मुंबईत पकडले गेले. अच्युतराव पटवर्धन तर चळवळ संपेपर्यंत सरकारच्या हाती लागलेच नाहीत आणि साताऱ्यातील प्रतिसरकारला त्यांचे मार्गदर्शन मिळत राहिले. एका माणसाच्या बोलण्याने केंद्र पडले, पण एका माणसाच्या न बोलण्याने त्यामागची चळवळ उभी राहिली. खटल्यातील पाच आरोपींपैकी विठ्ठलदास झवेरी आणि नानक मोटवाने निर्दोष सुटले. बाबूभाई खाखर यांना पाच वर्षांची, उषाबेनना चार वर्षांची आणि चंद्रकांत झवेरींना एक वर्षाची शिक्षा झाली.

तुरुंगात उषाबेनची प्रकृती ढासळली. मुंबईला जे. जे. रुग्णालयात उपचारांसाठी ठेवले तेव्हा खाटेभोवती रात्रंदिवस पोलिसांचा पहारा असे. बऱ्या होताच त्यांना पुन्हा येरवड्याला पाठवण्यात आले. तिथे शेकडो स्त्री राजबंदी होत्या. मार्च १९४६ मध्ये, मुंबई प्रांतात लोकनियुक्त सरकार येत असताना, मोरारजी देसाई यांच्या आदेशाने त्यांची सुटका झाली. त्या मुंबईत सुटलेल्या पहिल्या राजबंद्यांपैकी होत्या. सव्विसाव्या वर्षी बाहेर आल्या तेव्हा शरीर थकलेले होते. पुढच्याच वर्षी स्वातंत्र्य आले, तेव्हा ज्या क्षणासाठी सारे केले त्या सोहळ्यालाही आजारपणामुळे त्यांना जाता आले नाही.

स्वातंत्र्यानंतर अनेक सैनिकांची वाट मंत्रालयाकडे किंवा संसदेकडे गेली. उषाबेनची वाट वर्गाकडे गेली. प्रकृतीमुळे सक्रिय राजकारण शक्य नव्हते हे खरे, पण तो पिंडही त्यांचा नव्हता. अर्धवट राहिलेले शिक्षण त्यांनी पुन्हा हाती घेतले. गांधीजींच्या राजकीय व सामाजिक विचारांवर प्रबंध लिहून मुंबई विद्यापीठाची डॉक्टरेट मिळवली. ज्या विल्सन महाविद्यालयात त्या शिकल्या तिथेच त्यांनी तीसेक वर्षे शिकवले आणि पुढे मुंबई विद्यापीठाच्या राज्यशास्त्र विभागाच्या प्रमुख झाल्या. १९८० मध्ये त्या निवृत्त झाल्या. कौटिल्याच्या अर्थशास्त्रापासून स्त्रियांच्या चळवळीपर्यंत अनेक विषयांवर त्यांनी लिहिले. समोर बसलेल्या विद्यार्थ्यांपैकी अनेकांना, राज्यशास्त्र शिकवणाऱ्या या लहान चणीच्या, पांढऱ्या खादीतल्या बाईंनी कधीकाळी साम्राज्याची झोप उडवली होती, याची कल्पनाही नसे.

निवृत्तीनंतरचा काळ गांधी स्मारक निधी आणि मणिभवन या संस्थांच्या कामात गेला. मणिभवन आहे लॅबर्नम रस्त्यावर, म्हणजे ज्या रस्त्यावरच्या अजित व्हिलात कधी चोरून प्रक्षेपक आणला होता, त्याच रस्त्यावर. पहाटे उठावे, साधे खावे, खादी नेसावी, बसने हिंडावे आणि कोणी बोलावील तिथे तरुणांशी बोलायला जावे, हा त्यांचा दिनक्रम होता. त्या अविवाहित राहिल्या. १९९८ मध्ये भारत सरकारने त्यांना पद्मविभूषण देऊन गौरवले. काँग्रेस रेडिओचा विषय निघाला की त्या आपल्यापेक्षा सहकाऱ्यांविषयी अधिक बोलत. तो आवाज एकट्या आपला नव्हता, याची आठवण त्या प्रत्येक वेळी करून देत. ज्या तंत्रज्ञामुळे चार वर्षे गेली त्याच्याविषयीही त्यांच्या बोलण्यात विखार नसे.

काँग्रेस रेडिओने स्वातंत्र्य जवळ आणले, असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. १९४२ साली फारच थोड्या घरांत रेडिओ होता. लघुलहरी लागतील असे यंत्र तर त्याहून थोड्यांकडे. आवाज कधी स्पष्ट येई, कधी खरखरीत बुडे. तो किती जणांनी ऐकला याचा हिशेब कोणी ठेवला नाही आणि ठेवणे शक्यही नव्हते. पण एका घरी ऐकलेली बातमी दहा घरी सांगितली जाई, हातांनी उतरवून भिंतीवर चिकटवली जाई. केंद्राचा प्रसार प्रक्षेपकाच्या शक्तीवर जितका होता त्याहून अधिक ऐकणाऱ्यांच्या तोंडावर होता. आपण एकटे नाही, ही जाणीव त्याने दिली. लढा चिरडला जात असताना त्या जाणिवेचे मोल फार असते.

या कथेत एक विसंगतीही आहे. काँग्रेस रेडिओचा सर्वांत नियमित श्रोता होता तो सरकारच. पोलिसांचे लघुलेखक रोज यंत्राला कान लावून प्रत्येक शब्द उतरवून घेत, कारण तो पुरावा म्हणून न्यायालयात लागणार होता. हवेत विरून जाणारे ते शब्द आज अभ्यासकांना वाचता येतात ते या पोलिसी दप्तरामुळे. उषाबेनच्या सहकारी डॉ. उषा ठक्कर यांनी २०२१ मध्ये या केंद्रावर लिहिलेल्या ग्रंथाला त्या नोंदींचा मोठा आधार मिळाला. २०२४ मध्ये त्यांच्या जीवनावर हिंदी चित्रपटही आला आणि नव्या पिढीला हे नाव कळले. ज्यांनी तो आवाज बंद केला त्यांनीच तो जपून ठेवला, हा इतिहासाने उगवलेला सूड म्हणावा लागेल.

आज बोलण्याची साधने प्रत्येकाच्या खिशात आहेत. छपरावर तार बांधावी लागत नाही, दर आठवड्याला बिऱ्हाड हलवावे लागत नाही. उषाबेनच्या वेळी साधन दुर्मिळ होते, म्हणून त्यावरून काय बोलावे याचा विचार करावा लागे. बातमी खात्रीची आहे का, ती सांगितल्याने माणसे जोडली जातील की तुटतील, हे पाहावे लागे. आणि बोलण्याची किंमत स्वतः मोजायची, ती सहकाऱ्यांना मोजायला लावायची नाही, हेही ठरलेले होते. साधने बदलली म्हणून या तीन कसोट्या जुन्या झाल्या असे कोणी म्हणणार नाही.

ऑगस्ट २००० मध्ये उषाबेन ऐंशी वर्षांच्या होत्या. अंगात ताप असूनही ९ ऑगस्टला त्या नेहमीप्रमाणे क्रांती मैदानावरच्या कार्यक्रमाला गेल्या. घरी परतल्या त्या थकूनच. दोन दिवसांनी, ११ ऑगस्ट २००० रोजी, त्यांचे शांतपणे निधन झाले.